आहुजांचं मानसोपचाराचं टेक्स्टबुक आणि सोबतची दोन-तीन पुस्तकं: घरात बायपोलरचा पेशंट असलेल्यानं वाचून लिहिलेलं

आधीच सांगतो, मी डॉक्टर नाही. वसमतचा आहे, शेती आणि हळदीचं काम बघतो, बीएस्सी झालोय म्हणून इंग्रजी वाचता येतं एवढंच. माझ्या मोठ्या भावाला बायपोलर आहे (मूडचा आजार, कधी अतिउत्साह म्हणजे मॅनिया, कधी खोल उदासी) आणि तो आजार काय आहे हे घराला कळायला तीन वर्षं गेली. पहिल्यांदा झालं तेव्हा दादा चार रात्री झोपलाच नाही, सारखं बोलणं, कुणालाही न विचारता ट्रॅक्टरचा बयाना देऊन आला, आणि शेजारपाजारचे म्हणायले की वारं लागलं, बाहेरचं आहे, अमुक ठिकाणी न्या. नेलं आम्ही. तीन ठिकाणी नेलं. मग कुणीतरी नांदेडला मानसोपचारवाल्यांकडं जा म्हणलं आणि तिथून गाडी रुळावर आली. डॉक्टर चांगलेच आहेत पण बाहेर ऐंशी-नव्वद लोक बसलेले असतात, आपला नंबर लागला की पाच मिनिटं, आणि वहिनीच्या तोंडातले निम्मे प्रश्न तोंडातच राहतात. म्हणून मी पुस्तकांच्या मागं लागलो.

संभाजीनगरच्या औरंगपुऱ्यात जाऊन मराठीत काय मिळतंय ते आधी बघितलं. मन, सकारात्मक विचार, टेन्शनवर मात, असली पुस्तकं ढिगानं होती, त्यातली एक-दोन घेतलीही आणि वाईट नाहीत ती, पण आमचा प्रश्न तो नव्हताच ना. आमचा प्रश्न असा होता की ही गोळी किती दिवस, दोन दिवस चुकली तर काय होतं, हात थरथरतात ते आजारानं का औषधानं, उपवास केला तर चालतो का. यावर मराठीत मला त्या फेरीत एकही पुस्तक सापडलं नाही आणि याचं मला खरंच वाईट वाटतं, कारण वहिनी मराठीच वाचतात आणि दिवसभर दादासोबत त्याच असतात.

मग भाची, नांदेडला एमबीबीएस करते, ती म्हणली मामा आहुजा घ्या, आमच्याकडं सगळे तेच वाचतात. नीरज आहुजा यांचं शॉर्ट टेक्स्टबुक ऑफ सायकियाट्री, जेपी प्रकाशनाचं, माझ्याकडची सातवी आवृत्ती आहे २०११ ची. इथं एक चूक केली ती सांगतो म्हणजे तुम्ही करू नका. एका दुकानात (नाव घेत नाही) अर्ध्या किमतीत मिळतंय म्हणून घेतलं, घरी येऊन बघतो तर झेरॉक्स करून बांधलेलं. मजकूर वाचता यायचा पण औषधांच्या तक्त्यात छपाई फुटलेली, एका ठिकाणी ०.५ आहे का ५ आहे तेच कळंना, पॉइंटच्या जागी नुसता काळा डाग. गोष्टीच्या पुस्तकात असं चाललं असतं, औषधाच्या पुस्तकात पॉइंट गेला म्हणजे दहापट फरक. ते बाजूला टाकलं आणि ओरिजिनल घेतलं. दोनशे-तीनशे रुपये वाचवायला जाऊ नका.

पुस्तक खरंच छोटं आहे, एका हातात धरून वाचता येतं. भाषा साधी, वाक्यं लांबड नाहीत, प्रत्येक आजाराचं तेच चक्र: काय असतं, लक्षणं काय, कारणं काय, इलाज काय. रचना आयसीडी-१०, म्हणजे जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या यादीप्रमाणं आहे. मी सुरुवातीपासून वाचलं नाही, आधी थेट मूड डिसऑर्डरचं प्रकरण उघडलं आणि मॅनियाचं वर्णन वाचताना अंगावर काटा आला, झोपेची गरज कमी होणं, पैशाची उधळण, मोठमोठे बेत, एकातून दुसऱ्यात उड्या मारणारं बोलणं, हे सगळं आमच्या अंगणात घडलेलं होतं आणि ते आधीच छापलेलं होतं. वहिनींना मराठीत सांगत गेलो. त्या कितीतरी वेळ काहीच बोलल्या नाहीत, मग म्हणल्या, "म्हणजे मुद्दाम करत नव्हते ते." या एका वाक्यासाठी मी पुस्तकाला पाचपैकी पाच द्यायला तयार आहे.

आता लिथियम. दादाला तेच चालू आहे. हा साधा क्षार आहे, मिठाच्याच घराण्यातला म्हणा ना, १९४९ ला जॉन केड नावाच्या ऑस्ट्रेलियातल्या डॉक्टरनं मॅनियावर वापरून दाखवला आणि आजही बायपोलरमध्ये त्याला तोड नाही असं मानतात. पण फायदा करणारी पातळी आणि विष होणारी पातळी यांच्यात अंतर लई कमी. रक्तात साधारण ०.६ ते १ (mmol/L) च्या आसपास ठेवतात, आणि १.५ च्या वर गेलं की त्रास सुरू. टेस्टचं रक्त शेवटच्या गोळीनंतर बारा तासांनी द्यायचं असतं, म्हणजे रात्री आठला गोळी घेतली तर सकाळी आठला, आणि सकाळची गोळी रक्त दिल्यावर. हे आम्हाला माहितीच नव्हतं. दादा सकाळची गोळी घेऊन मग लॅबला जायचा आणि रिपोर्ट प्रत्येक वेळेस वेगळाच यायचा.

गेल्या एप्रिलचं सांगतो. हळद शिजवायचं काम चालू, एकीकडं ऊन त्रेचाळीसच्या पुढं, दुसरीकडं कुकरची वाफ, दादा दिवसभर तिथंच. कंबर धरली म्हणून त्यानं मेडिकलवरून दुखण्याच्या गोळ्या आणल्या, डायक्लोफिनॅक, आणि पाच-सहा दिवस घेतल्या. कुणाला त्यात काही वाटलं नाही, कंबर सगळ्यांचीच धरते त्या दिवसांत. मग एक दिवस जेवताना त्याच्या हातातून भाकरीचा तुकडा पडला. थरथर आधीपासून होती पण ती बारीक, आता हात ठळक हालायले होते, ग्लास धरला तर पाणी सांडत होतं. संध्याकाळी दोनदा उलटी, चालताना पाय इकडं तिकडं. घरात सगळे म्हणले ऊन लागलं, कांदा फोडा, झोपू द्या. मी आहुजांचं लिथियमचं पान काढलं. ठळक थरथर, उलटी-जुलाब, तोल जाणं, जीभ जड होणं, एकेक लक्षण समोर बसलेलं. त्याच रात्री गाडी करून नांदेड गाठलं. लेव्हल १.९ आली. गोळी बंद, सलाईन, चार दिवस ॲडमिट, किडनीचे रिपोर्ट नॉर्मल आले, वाचला. ऊन लागलं म्हणून सकाळपर्यंत थांबलो असतो तर काय झालं असतं हा विचार मी अजूनही करू शकत नाही.

हे का झालं ते मात्र दुसऱ्या पुस्तकातून कळलं, मॉडस्ले प्रिस्क्रायबिंग गाईडलाईन्स, हे भाचीनं तिच्या एका सिनियरकडून आठ दिवसांसाठी आणून दिलं, चौदावी आवृत्ती, २०२१ ची. किडनी लिथियमला जवळजवळ मिठासारखंच वागवते. घाम गेला, पाणी कमी झालं, मीठ कमी झालं की किडनी मीठ धरून ठेवते आणि त्याच्यासोबत लिथियम पण धरून ठेवते, मग रक्तात ते वाढत जातं. वरून दुखण्याच्या बहुतेक गोळ्या, डायक्लोफिनॅक, आयब्युप्रोफेन, या त्याचं बाहेर पडणं अजून कमी करतात. बीपीच्या काही गोळ्या पण तशाच. आता विचार करा, मराठवाड्याचा उन्हाळा, शेतातली कंबर, आणि आळणी पदार्थाचा किंवा निर्जळी उपवास, तिन्ही गोष्टी आमच्याकडं घरोघरी आहेत. आता आमच्याकडं कपाटाच्या दारावर आतून कागद चिकटवलाय, दुखलं तर पॅरासिटामॉल, तेही डॉक्टरांना फोन करून, आणि दादाचा कोणताच उपवास निर्जळी नाही. पण मॉडस्ले तुम्ही विकत घ्या असं मी म्हणणार नाही, ते गोळ्या लिहिणाऱ्यांसाठीच आहे, एकेका पानात इतकं ठासलंय की नवख्या माणसाला भीती बसेल.

विकत घ्यायचं तर विक्रम पटेल यांचं व्हेअर देअर इज नो सायकियाट्रिस्ट घ्या, पहिली आवृत्ती २००३ ची, २०१८ ला शार्लट हॅनलन यांच्यासोबत दुसरी निघाली. आरोग्य कर्मचाऱ्यांसाठी लिहिलेलं आहे आणि मला सगळ्यात जास्त जवळचं वाटलं, कारण यात सुरुवात आजाराच्या नावापासून नाही, समोरच्या माणसापासून आहे. अंगावर धावून येणारा माणूस, जीव द्यायचं बोलणारा माणूस, झोप न येणारा माणूस, आणि तेव्हा तुम्ही काय बोलायचं, काय करायचं. चित्रं आहेत. वहिनींना मी चित्रं दाखवत सांगितलं तर त्यांना पटापट कळालं. आत्महत्येचं प्रकरण प्रत्येक आशा ताईनं आणि प्रत्येक घरानं वाचावं असं मला मनापासून वाटतं, त्यात स्पष्ट आहे की विचारल्यानं माणसाच्या डोक्यात तो विचार शिरत नाही, सरळ विचारायचं. आमच्या भागात किती शेतकऱ्यांच्या घरी हे कुणी विचारलंच नाही. रात्री-अपरात्री काही सुचंना तर सरकारच्या टेली-मानस हेल्पलाईनचा १४४१६ हा नंबर आहे, फुकट आहे, मराठीत बोलता येतं, मी पुस्तकाच्या पहिल्या पानावरच लिहून ठेवलाय.

कॅप्लन सॅडॉकचं सिनॉप्सिस बघितलं, हजाराच्या वर पानं, पीजी करणाऱ्यांचं पुस्तक, सोडून द्या. डीएसएम-५ (अमेरिकेतल्या मानसोपचार डॉक्टरांच्या संघटनेचं) पण कुणी कुणी घ्या म्हणतेत, त्यात निदानाचे निकष आहेत, इलाज नाहीतच, घरच्यांना उपयोग नाही. फुकटात पाहिजे तर जागतिक आरोग्य संघटनेचं मानसिक आजारांवरचं एमएचगॅप गाईड, २०१६ ची दुसरी आवृत्ती, त्यांच्या साईटवर आहे, रंगीत तक्ते आहेत, इंग्रजी आहे पण चालतंय.

आहुजांच्या पुस्तकातली माझी तक्रार एकच, आणि ती आवृत्तीच्या वयाची. २०११ चं पुस्तक म्हणल्यावर मानसिक आरोग्य सेवा कायदा २०१७ त्यात येणारच नाही, तो लागू झाला २०१८ मध्ये. आणि घरच्यांसाठी तोच तर महत्त्वाचा आहे. आपण बरं असताना लिहून ठेवू शकतो की पुढं आजार वाढला तर माझ्यावर कोणते इलाज करा, कोणते नको, आणि माझ्या वतीनं बोलणारा माणूस कोण. शॉक द्यायचाच झाला तर भूल आणि स्नायू सैल करायचं औषध दिल्याशिवाय देता येत नाही असं कायद्यातच आहे. वहिनींची सगळ्यात मोठी भीती तीच होती, करंट देतेत म्हणून, पिक्चरमधलं बघून. म्हणून कायद्यासाठी जुन्या पुस्तकावर विसंबू नका, सरकारी साईटवरून कायदा काढून घ्या. दादानं त्याचं पत्र लिहिलंय मागच्या महिन्यात, स्वतःच्या हातानं, दोन पानं, आणि बोलणारा माणूस म्हणून वहिनींचं नाव टाकलंय.

राज्यातली चार जुनी मनोरुग्णालयं येरवडा, ठाणे, नागपूर आणि रत्नागिरीला, आपल्याकडं त्यातलं एकही नाही, त्यामुळं घरात कुणाला तरी चार पानं वाचता आली पाहिजेत असं माझं मत झालंय. कुणी मराठी डॉक्टरनं लिथियम, व्हॅल्प्रोएट, झोपेच्या गोळ्या, क्लोझापिन असली औषधं आणि त्यांच्या रक्ततपासण्या यावर घरच्यांसाठी शंभर पानांचं साधं पुस्तक लिहिलं तर मी वीस प्रती घेऊन गावात वाटीन.

पटेलांचं पुस्तक खरं तर भाचीचं आहे, तिला परीक्षेआधी परत द्यायचंय. पण वहिनी म्हणल्या अजून आठवडाभर राहू द्या भाऊजी, झोपेच्या पानाचं मराठीत सांगा, मला वहीत उतरवून घ्यायचंय.