एकदिवसीय देवदर्शन सहलीचं कार्ड: श्रावण ते माघ वापरल्यानंतरचा अनुभव (सोलापूर)

आधी निकाल सांगते, मग तपशील. तुळजापूर, अक्कलकोट, पंढरपूर यांसाठी गाईडवाल्या गटसहलीचे पैसे भरू नका. कुडल, नळदुर्ग, माचणूर-मंगळवेढा यांसाठी जरूर भरा. श्रावणात कार्ड, म्हणजे या सहलींचा ठरावीक मुदतीचा पास, घेतलं, माघात मुदत संपली. बरोबर सासूबाई. वय पंचाहत्तरीच्या पुढं, गुडघे दुखरे, उत्साह माझ्यापेक्षा जास्त.

सहल काढणारे सोलापूरचेच. नाव मुद्दाम देत नाही, थोड्याफार फरकानं शहरात बरेच जण अशाच सहली काढतात. टेम्पो ट्रॅव्हलर, रविवारी वेगवेगळे मार्ग, पहाटे निघून रात्री परत. दरात नाश्ता, जेवण, दोन वेळचा चहा आणि गाईड. अभिषेक, देणगी दर्शनाचा पास, दक्षिणा, ओटीचं सामान ज्याचं त्यानं.

निघायची वेळ साडेपाच लिहिलेली असते, ती फक्त गाडी सुरू करायची. जुळे सोलापूर, आसरा, सात रस्ता, स्टेशन, मग कुठल्या तरी नाक्यावर थांबलेले कुणीतरी, असं करत गाडी शहराबाहेर पडेपर्यंत उजाडून ऊन आलेलं असतं. प्रत्येक खेपेला कुणीतरी फोनवर “आलोच की, पाच मिनिटं” म्हणत असतंच. शेवटच्या थांब्यावरून चढणार असाल तर मागची सीट मिळते, आणि अक्कलकोटच्या पुढच्या रस्त्यावर मागच्या सीटवर काय होतं ते कंबरेला विचारा. वयस्कर माणूस बरोबर असेल तर पैसे भरतानाच पुढची सीट लिहून घ्या. आयत्या वेळी “काकू, ॲडजस्ट करा की” एवढंच ऐकायला मिळतं.

आता मोठी देवस्थानं. तुळजापूर आपल्यापासून पंचेचाळीस किलोमीटर. रविवारी, मंगळवारी, शुक्रवारी आणि पौर्णिमेला तिथं रांग असतेच, आणि सहल नेमकी रविवारची. गाईड महाद्वारापाशी “तीनपर्यंत गाडीपाशी या” म्हणून मोकळा. आत गोमुख, कल्लोळ तीर्थ, रांग, सगळं आपलं आपण. ज्यांचं दर्शन लवकर झालं ते उन्हात गाडीपाशी ताटकळतात, ज्यांचं झालं नाही ते रांगेतून फोन करत राहतात. यात गाईडनं काय केलं, तर गाडीत माईकवर माहिती सांगितली. तीही भाद्रपदात चुकीची. देवीची मूर्ती चल आहे, वर्षातून तीनदा सिंहासनावरून हलवून पलंगावर निजवतात, इथपर्यंत बरोबर होतं. पण नवरात्राआधीची निद्रा कोणती आणि दसऱ्यानंतरची कोणती यात त्याचा गोंधळ झाला. सासूबाई मागून म्हणाल्या, “अरे बाळा, नवरात्राच्या आधी ती घोरनिद्रा. दसऱ्यानंतर श्रमनिद्रा. शाकंभरीच्या आधी मोहनिद्रा.” गाडी हसली, पोरगाही हसला. मला हसू आलं नाही. आम्ही गेलो ते दिवस घोरनिद्रेचेच होते. सिंहासनावरचा अभिषेक त्या दिवसांत नसतो, आणि सहलीच्या कागदावर मात्र ‘अभिषेकाची सोय’ असं छापलेलं. अशोक चौकातून आलेलं एक कुटुंब खास त्यासाठी पैसे भरून आलं होतं. त्यांना पलंगावरच्या देवीचं दर्शन घेऊन परतावं लागलं. पंचांग बघून मार्ग ठरवायला काय जातं?

अक्कलकोटला तर ‘जेवणासह’ या शब्दाचा अर्थ कळला. वटवृक्षाखाली दर्शन झालं, स्वामींच्या समाधी मठात जाऊन आलो आणि जेवायला नेलं ते अन्नछत्रात. महाप्रसाद उत्तमच असतो, पोटभर आणि स्वच्छ, त्याबद्दल ब्र काढणार नाही. पण तो अन्नछत्राचा प्रसाद. तिथं कुणालाही पैसे पडत नाहीत, इच्छा असेल त्यानं देणगी द्यावी. त्या दिवसाच्या दरातून जेवणाचे पैसे वजा झाले नव्हते. विचारल्यावर “सगळे असंच करतात” हे उत्तर. अक्कलकोटला एसटी सतत सुटतात, बायकांना अर्धं तिकीट, पंचाहत्तरीच्या पुढच्यांना फुकट. आम्हा दोघींचा जाऊन-येऊन खर्च सहलीच्या दरापुढं नगण्य.

गाणगापूरचा हिशेब थोडा वेगळा. एसटीतली आपली सवलत राज्याच्या हद्दीपर्यंतच, गाड्या बदलणं वयस्कर माणसाला जड, त्यामुळं तिथं गटाची गाडी सोयीची. मात्र दत्त महाराज माध्यान्ही भिक्षेला येतात या श्रद्धेनं दुपारी बाराच्या सुमाराची माधुकरी हा त्या गावाचा गाभा आहे. वाटेत अक्कलकोट करून गेलं की ती हुकते. सुरुवातीला तसंच झालं. गटातल्या बायकांनी आवाज चढवल्यावर पुढच्या खेपांना क्रम उलटा केला: आधी भीमा-अमरजा संगम, मग निर्गुण पादुकांचं त्या छोट्या झरोक्यातून दर्शन, माधुकरी, आणि परतताना अक्कलकोट. तक्रार ऐकतात, एवढं त्यांच्या बाजूनं नोंदवते. गाडीला कर्नाटकचं परमिट आहे का, हे मात्र आधीच विचारा.

पंढरपूरचं थोडक्यात: पदस्पर्श करायचा की मुखदर्शन, हे गाडीतच ठरवायला लावलं नाही तर गट दोन तुकड्यांत फुटतो आणि संध्याकाळ वाया जाते. बाकी तिथं गाईड लागतो कुणाला.

आता ज्यासाठी पैसे वसूल झाले ते. हत्तरसंग-कुडल. आयुष्य सोलापुरात गेलं तरी मी तिथं गेले नव्हते, आणि माझ्यासारखे शहरात ढिगानं सापडतील. विजापूर रस्त्यानं जाऊन आत वळायचं, पुढं भीमा आणि सीना जिथं मिळतात तिथं शेतांच्या कडेला दोन देवळं. पाटी वाचून कळण्यासारखं फार थोडं. त्या दिवशी गाईड म्हणून निवृत्त इतिहास शिक्षक होते, आम्ही सगळे त्यांना सर म्हणायचो. संगमेश्वराच्या देवळात त्यांनी सगळ्यांना मान वर करून तुळईकडं बघायला लावलं. आम्हाला नुसता खडबडीत दगड दिसला. मग त्यांनी मोबाइलचा टॉर्च समोरून न मारता अगदी बाजूनं, दगडाला लागून धरला आणि अक्षरांच्या खाचांत सावली भरली. शके ९४०, म्हणजे इसवी सन १०१८. आपल्या भाषेतल्या सर्वांत जुन्या कोरीव ओळींपैकी एक, वाचणारा विजयी होवो अशा आशयाची. ती उजेडात आणली सोलापूरच्याच आनंद कुंभार यांनी, शिलालेखांमागं गावोगाव हिंडण्यात ज्यांनी आयुष्य घालवलं. सरांनी घाई केली नाही. प्रत्येकाला टॉर्च धरू दिला. कन्ना चौकातल्या एका तेलुगू मावशींना मराठी अक्षर जेमतेम लागतं, त्यांनीही बोट हवेत फिरवून एक ‘व’ ओळखला.

शेजारचं हरिहरेश्वराचं देऊळ गेल्या शतकाच्या अखेरीस मातीखालून मोकळं झालं. तिथलं बहुमुखी शिवलिंग बघायला लोक येतात, एकाच पाषाणात ३५९ मुखं. सरांनी सुचवल्याप्रमाणं एकेका ओळीवर नजर ठेवून फिरलं तर कळतं की चेहरे एकसारखे नाहीत. हे मी एकटी गेले असते तर हात जोडून, फोटो काढून दहा मिनिटांत बाहेर पडले असते. एक अडचण: तिथं बायकांसाठी धड स्वच्छतागृह मिळालं नाही, जेवणाची सोय नाही, आणि उजनीतून पाणी सोडलं की भीमा फुगते. पावसाळ्यात सहल रद्द झाली तर कुरकुर करू नका.

हाच मार्ग पुन्हा केला तेव्हा सर नव्हते, तुळजापूरच्या वेळचा तो तरुण गाईड होता. देवळाच्या दारातच म्हणाला, “हे हेमाडपंती मंदिर.” हेमाद्री पंडित देवगिरीच्या यादवांचा मंत्री, तेराव्या शतकातला. तुळईवर १०१८ साल कोरलेलं, म्हणजे हेमाद्रीच्या दोनशेहून अधिक वर्षं आधीचं, कल्याणीच्या चालुक्यांच्या काळातलं काम. चुन्याशिवाय रचलेला काळा दगड दिसला की हेमाडपंती, एवढंच त्या पोराला शिकवलेलं. वाईट पोरगा नव्हता. म्हाताऱ्यांना हात धरून उतरवायचा, प्रत्येकीच्या पिशव्या उचलायचा. पण त्या दिवशी सगळे जण अर्ध्या तासात गाडीत बसले होते. मार्ग तोच, दर तोच. तेव्हा पैसे भरण्याआधी कुठं जाणार यापेक्षा गाईड कोण येणार ते विचारा.

नळदुर्ग पावसाळ्यात बघा. बोरी नदीवर किल्ला आणि शेजारचा जोडकिल्ला रणमंडळ यांना जोडणारा बंधारा, त्याच्या पोटात पाणीमहाल, दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या काळातला. पाणी चढलं की बंधाऱ्यावरून नर आणि मादी असे दोन धबधबे कोसळतात आणि त्यांच्या मागं महालात माणूस कोरडा उभा राहतो. बंधाऱ्याच्या भिंतीवर पाण्याचा दाब कसा पेलला असेल हे सरांनी वहीवर आकृती काढून समजावलं. आमच्यातल्या एका निवृत्त ओव्हरसिअरनं त्यावर जो वाद घातला तो अणदूरपर्यंत चालला. अणदूरला खंडोबा. इथली गंमत अशी की देव एक आणि गावं दोन. वर्षाचा मोठा भाग देव अणदूरला, पौषातल्या यात्रेच्या सुमारास मुक्काम नळदुर्गला. सहल काढणाऱ्याला हे ठाऊक असावं लागतं, नाहीतर रिकाम्या देवळाला प्रदक्षिणा घडायची. इथं ठाऊक होतं.

माचणूर-मंगळवेढ्याचा दिवस मला सगळ्यांत आवडला, कारण त्यात कसलीच घाई नव्हती. भीमेच्या काठावर सिद्धेश्वराचं देऊळ, वर किल्ल्याचा तट. औरंगजेबाची छावणी या परिसरात, ब्रह्मपुरीला, १६९५ ते १६९९ पडली होती. बादशहा आणि देवळाच्या पिंडीची जी गोष्ट गावात सांगतात ती सरांनी रंगवून सांगितली आणि शेवटी स्वच्छ म्हणाले, “ही दंतकथा. छावणीचं मात्र लिहून ठेवलेलं आहे.” असा गाईड मिळणं दुर्मिळ. मंगळवेढ्यात दामाजीपंतांच्या देवळापाशी दुष्काळात बादशाही कोठारं लोकांना उघडून दिल्याची कथा, पुढं कान्होपात्रेचं गाव हेच, आणि इथंच गावकुसाचं काम करताना भिंत कोसळून चोखोबा गेले. पंढरपूरच्या सहलीत आम्ही नामदेव पायरीजवळच्या चोखोबांच्या समाधीवरून रांगेच्या घाईत नुसते पुढं सरकलो होतो. हे दोन मार्ग एकामागोमाग ठेवले आणि मंगळवेढा आधी घेतला तर किती वेगळं दर्शन घडेल, असं मी त्यांना लिहून दिलंय. जेवण एका शेतावर होतं: मालदांडी ज्वारीची भाकरी, शेंगाची चटणी, वांग्याची भाजी, वर ताक. पौषात हुरडाही मिळाला.

शहरातली अर्ध्या दिवसाची फेरी सोलापूरकरांनी टाळली तरी चालेल असं मला वाटलं होतं. पण गड्ड्याच्या, म्हणजे संक्रांतीच्या सिद्धेश्वर यात्रेच्या, आधीच्या आठवड्यात गेलात तर मजा आहे. सोलापूरचे ग्रामदैवत सिद्धरामेश्वर यांनी स्थापलेल्या अडुसष्ट लिंगांपैकी काही लिंगं आपण रोज ज्या गल्लीतून भाजी आणतो तिथंच निघाली. याण्णीमज्जनाला, म्हणजे या लिंगांच्या तैलाभिषेकाला, नंदीध्वज (यात्रेतल्या उंच मानाच्या काठ्या) कोणत्या वाटेनं फिरतात ते पायी चालून बघितलं. सासूबाईंनी यात्रेतला अक्षता सोहळा होतो त्या संमती कट्ट्यापाशी, सिद्धरामेश्वरांशी लग्नाची इच्छा धरलेल्या कुंभारकन्येची गोष्ट कानडीत सांगायला सुरुवात केली तेव्हा गाईड गप्प बसला, हे त्याचं शहाणपण.

दोन गोष्टी खटकल्या त्या खटकल्याच. परतीच्या वाटेवर ‘दहा मिनिटं’ म्हणून गाडी एका चादरीच्या दुकानाशी उभी करतात. अहो, आम्ही सोलापूरचे! आम्हाला चादर दाखवून काय कमिशन मिळणार? बाहेरगावचे असाल तर चाटी गल्लीत जाऊन चार ठिकाणी भाव विचारून घ्या. आणि सहलीसाठी केलेला व्हॉट्सॲप ग्रुप. वेळ बदलल्याचा मेसेज शुभ सकाळच्या फुलांखाली गाडला गेला म्हणून एकदा अर्धी माणसं उशिरा आली.

पैशाचं म्हणाल तर चौघं-पाचजण घरचेच असाल तेव्हा स्वतंत्र गाडी भाड्यानं करणं जवळपास त्याच खर्चात बसतं आणि वेळ आपल्या हातात राहते. एकट्यादुकट्या बाईला, किंवा घरी सोबत यायला कुणी नसलेल्या वयस्कर माणसाला गट बरा. सुरक्षित वाटतं, औषधाची आठवण करणारं कुणीतरी असतं. आमच्या गाडीत कानडी, तेलुगू, मराठी तिन्ही चालायचं आणि तिसऱ्या खेपेपर्यंत डबे एकमेकींच्या मांडीवर फिरायला लागले होते.

कार्ड मी पुन्हा घेतलं नाही. सर असतील त्या दिवसाचे सुटे पैसे भरून जाणार आहे. करमाळ्याच्या कमलादेवीचा मार्ग नवीन काढतायत, तिथली ९६ पायऱ्यांची विहीर बघायची आहे. सासूबाईंनी मात्र मला न विचारता स्वतःच्या पेन्शनमधून आपलं कार्ड वाढवून आणलं, आणि पुढची सीट पावतीवर लिहून घेतली.