‘तलाश’ की ‘बदलापूर’

मूल गमावलेल्या बापाची गोष्ट गुन्हेकथेतून सांगणारा एखादा हिंदी चित्रपट पाहायचा असेल, तर रीमा कागती यांचा ‘तलाश’ (२०१२) आणि श्रीराम राघवन यांचा ‘बदलापूर’ (२०१५) यांच्यात निवड करताना अडखळायला होते. योगायोग असा की नवाजुद्दीन सिद्दीकी दोन्हींत आहेत.

गुन्हेकथा म्हणून ‘बदलापूर’ उजवा आहे, हे आधीच मान्य करतो. नवाजुद्दीन यांनी साकारलेला लायक नावाचा दरोडेखोर इतका लाघवी आणि इतका खोटारडा आहे की, नायक रघूच्या बायकोमुलाच्या जिवावर उठलेल्या या माणसाची आपल्याला मध्येच कीव येऊ लागते. याउलट ‘तलाश’चा तपास संथ आहे आणि त्याची उकल ज्या अतींद्रिय वळणावर होते, ते अनेकांना पटत नाही. मलाही ते पुरते पटलेले नाही.

तरीही एक गोष्ट मला खटकली ती खटकलीच. पुण्यात सर्वस्व गमावलेला रघू बदलापूरला येऊन राहतो आणि कथा पाहता पाहता पंधरा वर्षे पुढे सरकते. मी ठाण्याहून बदलापूर लोकलने कामावर जाणारा माणूस. त्या गाडीत खिडकीला डोके टेकून बसलेले, कोणाशीही न बोलणारे चेहरे रोज पाहतो. त्यामुळे ती पंधरा वर्षेच मला पाहायची होती. दिग्दर्शकाला सूड हवा होता, म्हणून त्याने ती वगळली; त्याच्या दृष्टीने ते योग्यही असेल. पण दुःखाचा मुक्काम असतो तो नेमका त्याच काळात.

‘तलाश’ त्या काळातून हलत नाही. इन्स्पेक्टर सुरजन शेखावतला झोप लागत नाही, तो रात्रभर गाडी घेऊन मुंबईत फिरतो, बायकोशी बोलणे टाळतो आणि मुलगा बुडाला ती दुपार मनातल्या मनात पुन्हा पुन्हा रचतो. प्रत्येक वेळी आपण थोडे वेगळे वागतो आणि मुलगा वाचतो. माझे वडील गेले त्या रात्री मी फोनचा आवाज बंद करून झोपलो होतो. पुढे कित्येक महिने तलावपाळीवरून घरी परतताना मी तो फोन उचलत असे, रिक्षा पकडत असे आणि वेळेत पोहोचत असे. शेखावत साकारणाऱ्या आमिर खान यांच्या अभिनयाबद्दल मतभेद असू शकतील. त्या प्रसंगांपुरते तरी माझे मत तटस्थ राहू शकत नाही.

कथानकाची पकड महत्त्वाची वाटत असेल, तर ‘बदलापूर’ निवडण्यात काहीच चूक नाही. दोन्ही पाहायचे असतील, तर मात्र तो आधी पाहावा. ‘तलाश’ रात्री, शक्यतो दुसऱ्या दिवशी सुट्टी असताना लावावा, कारण तो पाहून लगेच झोप येईल याची खात्री मी देऊ शकत नाही.