लोणार ट्रिप : दिवसाला पाच स्टार, रात्रीच्या धूमकेतू सेशनला दोन

डिसेंबरात नववीतल्या भाचीला घेऊन लोणारची ग्रुप ट्रिप केली. संभाजीनगरहून जाऊन येऊन, एक मुक्काम, जेवण, गाईड आणि रात्री धूमकेतूंवर स्लाइड शो, सगळं धरून माणशी साडेतीन हजार. आयोजकांचं नाव देत नाहीये, त्यांना फोनवर सगळं बोललोय, पण अशा ट्रिपा आता बरेच जण काढतात म्हणून लिहितोय.

आधी दिवसाचं. गाईडकाका गावातलेच, आणि माणूस सोनं आहे. गोमुखाच्या धारेपासून खाली उतरताना विवराच्या काठाचे बेसाल्टचे थर बाहेरच्या बाजूला कसे वळलेत ते हात लावायला लावून दाखवलं. व्यास साधारण 1.8 किमी, आणि कित्येक वर्षं लोक ह्याला ज्वालामुखीचं तोंड समजत होते, मग 1970 च्या दशकात इथे मॅस्केलिनाइट सापडलं, म्हणजे प्रचंड धक्क्याने काच झालेलं खनिज, तेव्हा कुठे हे विवर आकाशातून पडलेल्या दगडाच्या आघाताने झालं हे पक्कं झालं. कमळजा देवीच्या देवळापाशी बसून लवणासुराची गोष्ट पण रंगवून सांगितली. जवळचं छोटं अंबर तळं त्याच दगडाचा तुकडा पडून झालं का ह्यावर "काही जण हो म्हणतात, काही नाही म्हणतात, अजून वाद आहे" एवढं साधं सरळ उत्तर. मला हेच फार आवडलं.

आणि मग रात्री जेवण झाल्यावर स्लाइड शो. सांगणारे दुसरे होते, आवाज छान, फोटो सुंदर, पण पहिल्याच स्लाइडला "12,900 वर्षांपूर्वी उत्तर अमेरिकेवर धूमकेतू फुटला, मॅमथ संपले, थंडी परत आली, हे सिद्ध झालंय". अहो नाही झालंय! यंगर ड्रायस म्हणतात त्या थंडीच्या काळाबद्दलची ही कल्पना 2007 मधे शोधनिबंधातून मांडली गेली आणि तेव्हापासून भांडण चालूच आहे. मी ह्या कल्पनेची टिंगल करत नाहीये, ग्रीनलंडच्या बर्फात त्याच सुमाराच्या थरात प्लॅटिनम एकदम वाढलेलं 2013 मधे सापडलं ते खरंच आहे, त्याचं उत्तर द्यावंच लागतं. पण दुसरी बाजू पण सांगा ना, वितळत्या हिमनद्यांचं गोडं पाणी समुद्रात शिरून अटलांटिकचा उष्ण प्रवाह मंदावला हे जुनं स्पष्टीकरण अजून भक्कम उभं आहे, आणि धूमकेतूचा पुरावा म्हणून ज्या 29 ठिकाणांची नावं दिली जातात त्यांच्या तारखा 2014 मधे तपासल्या तर 3 च ठिकाणं त्या काळाशी नीट जुळली.

भाचीने विचारलं की मग विवर कुठंय, तर उत्तर आलं ग्रीनलंडला, बर्फाखाली. ते हियावाथा विवर, 31 किमीचं, 2018 मधे जाहीर झालं तेव्हा बऱ्याच जणांना ते ह्याच धूमकेतूचं असेल असं वाटलेलं, पण 2022 मधे त्याचं वय निघालं सुमारे 5.8 कोटी वर्षं. खरं तर समर्थकांकडे ह्यापेक्षा चांगलं उत्तर आहे की तो हवेतच फुटला असेल, सायबेरियातल्या तुंगुस्कासारखा, 1908 मधे तिथे जवळपास 2000 चौरस किमी जंगल आडवं झालं आणि विवर नाही. ते सांगितलं असतं तर पोरांना विचार करायला काहीतरी मिळालं असतं.

कहर म्हणजे शेवटची स्लाइड, लोणार हा त्याच धूमकेतूचा तुकडा. लोणारचं वय जुन्या मोजणीने सुमारे 52 हजार वर्षं, 2011 च्या मोजणीने साधारण 5.7 लाख, कुठलंही धरा, 12,900 कुठून येणार? आणि हे त्या विवराच्या काठावर बसून सांगायचं, जिथे दिवसभर काकांनी एकेक दगड दाखवला होता! माझा जीव तुटला खरंच, कारण सोळा पोरं वहीत लिहून घेत होती.

सकाळी निघायच्या आधी भाची वही घेऊन काकांकडे गेली, त्यांनी चहा बाजूला ठेवून अर्धा तास बसून शेवटचं पान दुरुस्त करून दिलं.

जाणार असाल तर फक्त दिवसाची ट्रिप मागा, पैसे कमी होतात, आणि गाईड गावातलाच हवा असं बुकिंग करतानाच सांगा. उतरायला चांगले बूट घाला, पाणी जास्त घ्या, खाली दुकान नाही. जेवण उत्तम होतं, पिठलं भाकरी गरम.