लंडनचा पहारेबदल: गाइडसोबत की आपले आपण?

बकिंगहॅम पॅलेसचा पहारेबदल बघायला तिकीट लागत नाही. सहसा सोमवार, बुधवार, शुक्रवार, रविवारी ११ वाजता असतो. मुसळधार पावसात रद्दही होतो. आपले आपण जायचे तर १० च्या आत कुंपण गाठा, नाहीतर पुढच्यांची डोकीच दिसतात.

गाइड एका जागी थांबत नाही. जुन्या पहाऱ्याची एक तुकडी सेंट जेम्स पॅलेसहून निघते, नवा पहारा वेलिंग्टन बरॅक्सहून. गाइड त्या वाटांवरच उभे करतो. अस्वलाच्या कातडीची उंच टोपी, ओठाखालची पितळी साखळी, बँडचा ठेका, सगळे अगदी जवळून! पहिल्यांदा जाणाऱ्याने गाइडच घ्यावा, पैसे वसूल होतात. लहान मुले किंवा आजी-आजोबा सोबत असतील तर मात्र एवढी धावपळ नको. पॅलेससमोरच्या व्हिक्टोरिया स्मारकापाशी लवकर जागा धरावी.