व्हिडिओ कुणालाही न दाखवता तो अडवणारी सेवा

खासगी व्हिडिओ पसरवण्याची धमकी आलेली बाई तक्रारीला घाबरते, कारण तक्रार करायची म्हणजे तोच व्हिडिओ आणखी कुणाच्या तरी हाती द्यायचा. समुपदेशनाच्या कामात ही भीती मी सतत ऐकते, म्हणून स्टॉपएनसीआयआय डॉट ऑर्ग ही मोफत सेवा आवर्जून सुचवते. ब्रिटनमधल्या रिव्हेंज पॉर्न हेल्पलाइनने ती २०२१च्या डिसेंबरमध्ये सुरू केली.

फाइल आपल्याच फोनवर निवडायची. तिथल्या तिथे तिचा 'हॅश' बनतो, म्हणजे बोटाच्या ठशासारखी आकड्या-अक्षरांची एक ओळ. बाहेर जाते ती फक्त ही ओळ. फेसबुक, इन्स्टाग्राम, टिकटॉक, रेडिट अशा सहभागी कंपन्या तिच्याशी जुळणारी फाइल शोधतात आणि नियमात बसत नसेल तर काढतात. व्हिडिओ अजून पसरलेला नसतानाही नोंद करता येते, ही मला यातली सर्वांत मोलाची गोष्ट वाटते.

शेवटी केस नंबर आणि पिन मिळतो. पिन हरवला तर परत मिळत नाही, आणि पुढे काय झालं ते बघायला तो लागतोच. मी आधी कागद-पेन पुढे ठेवते. एक मुलगी फाइल निवडताना बराच वेळ थांबली होती, पिन लिहून झाल्यावर मात्र तिने स्वतःहून विचारलं, "दुसरा व्हिडिओपण टाकू का?"

उणिवाही आहेत. फाइल आपल्याकडे असावी लागते. टेलिग्राम यात नाही, आणि खासगी चॅटमध्ये फिरणाऱ्या प्रतींपर्यंत ही सेवा पोहोचत नाही. व्हिडिओचा हॅश तर फार नाजूक: दोन सेकंद कापले किंवा फॉरवर्ड करताना फाइल दाबून लहान झाली, की हॅश बदलतो. त्यामुळे जेवढ्या प्रती हाती लागतील तेवढ्या सगळ्या नोंदवा. आणि "मी फक्त पुढे पाठवला" म्हणणाऱ्यांचा मला मनापासून राग येतो तो याच कारणाने. त्यांच्या त्या एका फॉरवर्डमधून बनलेली नवी प्रत आधीच्या नोंदीत सापडेलच असं नाही.

घाबरून फाइल आणि चॅट लगेच डिलीट करू नका. नोंदीला फाइल लागते, आणि पोलिस तक्रारीला दोन्ही. चित्रीकरणाच्या वेळी वय १८ पेक्षा कमी असेल तर इथे नोंद होत नाही. त्यासाठी अमेरिकेतल्या एनसीएमईसी या मुलांच्या सुरक्षेसाठी काम करणाऱ्या संस्थेची 'टेक इट डाउन' सेवा आहे, तीही मोफत, आणि तिथे नाव सांगावं लागत नाही.