जॅक बेनीच्या रेडिओ कार्यक्रमांचा संच : सात महिन्यांच्या श्रवणानंतर

जुन्या अमेरिकन रेडिओ कार्यक्रमांचा हा पेन ड्राइव्ह मी पावसाळ्याच्या तोंडावर मागवला आणि गेले सात महिने रोज रात्री त्यातील दोन भाग ऐकत आहे.

पहिल्याच आठवड्यात मी अमेरिकन विनोदवीर जॅक बेनीचा २८ मार्च १९४८ चा गाजलेला भाग लावला आणि निराश झालो. दरोडेखोर ‘पैसे दे, नाही तर जीव’ असे दरडावतो, बेनी गप्पच राहतो, दरोडेखोर पुन्हा खेकसतो आणि बेनी वैतागून म्हणतो, ‘विचार करतोय!’ विनोद कळला, पण हसू आले नाही.

मग १९४० पासून क्रमाने ऐकू लागलो. कधीही एकोणचाळिशी न ओलांडणारा बेनी, त्याच्या चिक्कूपणाची रेवडी उडवणारा कृष्णवर्णीय नोकर रोचेस्टर, बाहेरच्या जगाची खबर नसलेला तळघरातील तिजोरीचा पहारेकरी आणि आवाजाचा कलाकार मेल ब्लँकने निव्वळ तोंडाने खोकवत सुरू केलेली खटारा मॅक्सवेल गाडी, ही मंडळी हळूहळू घरचीच झाली. पाच महिन्यांनी तोच भाग ओघात आला, तेव्हा बेनीने तोंड उघडण्याआधीच, त्या शांततेतच, मला हसू फुटले. अमेरिकन श्रोत्यांनी दर रविवारी वर्षानुवर्षे या कवडीचुंबकाला घरात घेतले होते. म्हणूनच, चेहरा न दिसणाऱ्या माध्यमात, नुसते गप्प राहणेही त्याला परवडत होते. (प्रत्यक्षातील बेनी उदार होता आणि कार्यक्रमात ज्याच्या बेसूरपणाची थट्टा होई, त्याच व्हायोलिनवर त्याने पुढे वाद्यवृंदांसाठी मोठा निधी उभारला.)

रोचेस्टरच्या तोंडचे सुरुवातीचे जुगाराचे आणि दारूचे विनोद आज खटकतात. युद्धानंतर ते कमी होत गेलेले जाणवते. सुरुवातीच्या भागांत बेनी नमस्कारातच प्रायोजक जेलो या जेलीचे नाव घेतो, ते गमतीचे वाटते; लकी स्ट्राइक सिगारेट प्रायोजक असतानाच्या काळातील तंबाखूच्या लिलावदाराची ललकारी मात्र मी न ऐकता वगळतो.

संचात सुपरमॅनच्या मालिकेचेही थोडे भाग आहेत. ‘हे काम... सुपरमॅनचे’ म्हणताना क्लार्क केंटचा, म्हणजे सुपरमॅनच्या साध्या रूपाचा, पातळ आवाज पुढच्याच शब्दाला भारदस्त करणाऱ्या बड कोलियरचे नाव कित्येक वर्षे गुप्त ठेवले होते, म्हणजे कीर्ती सगळी पात्राची. सुपरमॅनला दुबळे करणारे क्रिप्टोनाइटही आधी इथेच, १९४३ साली आले. कॉमिकमध्ये ते १९४९ साली पोहोचले.

तक्रारी दोन. काही तारखा चुकीच्या आहेत आणि चार-पाच भाग मध्येच तुटतात. विक्रेत्याला कळवले, उत्तर आले नाही. खरखर आहे, पण हेडफोनपेक्षा साध्या स्पीकरवर ती कमी जाणवते. घेणार असाल तर १९४८ चा तो भाग आधी लावू नका.