वेबॅक मशीन, सात महिन्यांनंतर: बंद पडलेल्या पुस्तक कंपनीचा माग काढताना

एम.लिब.च्या प्रकल्पासाठी मी डॉट-कॉम काळातली ऑनलाइन पाठ्यपुस्तक विक्री हा विषय घेतला. त्यातली मुख्य कंपनी व्हर्सिटीबुक्स डॉट कॉम. १९९०च्या दशकाच्या शेवटी वॉशिंग्टन डीसीत निघाली, फेब्रुवारी २००० मध्ये शेअर बाजारात उतरली, पुढे तिची व्हर्सिटी ग्रुप झाली आणि २००८ मध्ये फॉलेट या कॉलेजांची पुस्तक दुकानं चालवणाऱ्या कंपनीनं ती विकत घेतली. हे सगळं तीन ओळींत मावतं, पण त्यातल्या प्रत्येक तुकड्याला पुरावा जोडायचा म्हणजे सात महिने. बहुतेक वेळ वेबॅक मशीनवर, म्हणजे इंटरनेट अर्काइव्ह या संस्थेच्या जुनी वेबपानं जपून ठेवणाऱ्या साइटवर गेला. पाचपैकी चार तारे देते. पाचवा का नाही, ते पुढे येईलच.

वापरायला सोपं आहे. पैसे नाहीत, जुनी पानं बघायला खातंही लागत नाही. पत्ता टाकला की वर्षांची पट्टी येते आणि कॅलेंडरवर ठिपके. निळा म्हणजे पान जपलेलं, हिरवा म्हणजे तिथून वाचक दुसरीकडे पाठवला जात होता. बंद पडलेल्या कंपनीच्या बाबतीत हिरवे ठिपके कुठून सुरू होतात ते आधी बघा, पत्ता हातबदल झाल्याचा पहिला सुगावा बऱ्याचदा तिथंच लागतो. आणि पत्त्याच्या शेवटी फुली (तारांकन हो, आमच्याकडे फुलीच म्हणतात) टाकली की त्या साइटची जपलेली सगळी पानं यादीत येतात. हे मला तिसऱ्या महिन्यात कळलं. तोवर मुखपृष्ठावरून एकेक दुवा दाबत बसले होते.

आता माझा गाढवपणा. पहिला मसुदा मी कंपनीच्या जुन्या पानांवरच उभा केला. मॅडमनी परत दिला तेव्हा समासात पेन्सिलीनं जागोजागी एकच प्रश्न होता: ‘हे कोण म्हणतंय?’ कोण म्हणणार, कंपनीच. ‘४० टक्क्यांपर्यंत सूट’ हा तिचा जाहिरातीतला दावा मी सत्य म्हणून लिहून मोकळी झाले होते. ही सूट नेमकी कोणत्या किमतीवर धरायची, यावरूनच अमेरिकेतल्या कॉलेज स्टोअर्सच्या राष्ट्रीय संघटनेनं १९९९ मध्ये कंपनीला कोर्टात खेचलं होतं! जपलेलं पान एवढंच सांगतं, की अमुक दिवशी कंपनीनं असं म्हटलं होतं.

त्या ‘अमुक दिवशी’तही गोम आहे. पानाच्या पत्त्यात चौदा आकडी शिक्का असतो: वर्ष, महिना, दिवस, तास, मिनिट, सेकंद. ही वेळ जागतिक प्रमाणवेळ, म्हणजे आपल्यापेक्षा साडेपाच तास मागं. शिक्क्यावर १ तारखेचे रात्रीचे आठ असतील तर आपल्याकडे २ तारीख उजाडलेली असते. त्याहून वाईट म्हणजे पानावरचा मजकूर एका दिवशीचा आणि त्यातलं चित्र भलत्याच महिन्यात जपलेलं, असं असू शकतं. मी एका मुखपृष्ठाचा स्क्रीनशॉट ‘ऑगस्टमधली जाहिरात’ म्हणून चिकटवला. नंतर चित्राचा स्वतंत्र पत्ता उघडून पाहिला तर शिक्का नंतरच्या हिवाळ्यातला. पाचवा तारा इथं कापला. मात्र पानातल्या चित्रांच्या तारखा न तपासण्याचा आळस माझाच.

सुटका झाली ती एडगरमुळे. अमेरिकेचं सिक्युरिटीज अँड एक्स्चेंज कमिशन म्हणजे त्यांची सेबी, आणि एडगर हे तिचं कागदपत्रांचं कपाट, तेही फुकट. १९९६ पासून तिथल्या नोंदणीकृत कंपन्यांना आपले अहवाल इथं भरणं बंधनकारक आहे. आपल्याकडे शेअर विकायला काढण्याआधी सेबीला द्यायचा माहितीपत्रकाचा मसुदा, डीआरएचपी, असतो तसा तिथं एस-१. त्यातलं ‘जोखमी’ हे प्रकरण आधी वाचा. साइटवर छाती पुढं काढून बोलणारी कंपनी इथं कबूल करते की आमचा कारभार नवा आहे, तोटा होतोय, आणि पुस्तकांच्या पुरवठ्यासाठी आम्ही बेकर अँड टेलर या एकाच घाऊक विक्रेत्यावर विसंबून आहोत. लपवाछपवी केली तर गुंतवणूकदार कोर्टात ओढतील, ही भीती कामी येते.

एडगरवर दोन गोष्टी लक्षात ठेवा. मजकुरातला शब्द टाकून शोधायची सोय २००१ पासूनच्याच कागदांना आहे. त्याआधीचं हवं तर कंपनीच्या नावानं जा. आणि नाव बदललं तरी सीआयके, म्हणजे एडगरवरचा कंपनीचा ओळख क्रमांक, तोच राहतो, तो वहीत लिहून ठेवा.

वर्तमानपत्रांबद्दल थोडक्यात: बातमी म्हणून छापलेलं बरंचसं कंपनीचं प्रसिद्धिपत्रकच असतं. मला दोन कात्रणं मिळाली, वाक्यं शब्दशः सारखी. दोन पुरावे मिळाले म्हणून खूश झाले होते, तो एकच निघाला.

ऑक्टोबर २०२४ मध्ये सायबर हल्ल्यामुळं इंटरनेट अर्काइव्ह काही दिवस बंद होतं. त्यामुळं महत्त्वाचं पान दिसलं की पत्ता आणि शिक्क्यासकट पीडीएफ करून दोन ठिकाणी ठेवते.

चौथा मसुदा गेल्या आठवड्यात परत आला. पेन्सिलीचा प्रश्न एकाच ठिकाणी होता, ‘ही कंपनी काळाच्या पुढं होती’ या माझ्या वाक्यापाशी. खोडरबर घेतला आणि वाक्य, प्रश्न दोन्ही पुसले.